पटकथा कोणाच्या नावावर? : माणदेशातील एका स्वतंत्र दिग्दर्शकाचे प्रकरण

आटपाडी तालुक्यातील एका लेखक-दिग्दर्शकाचा पहिला मराठी चित्रपट चित्रपटगृहांतून उतरल्यानंतर काही महिन्यांनी मुंबईतील एका निर्मितीसंस्थेने त्याची हिंदी आवृत्ती करण्याची इच्छा चित्रपटाच्या निर्मात्याला कळवली. निर्माता हा दिग्दर्शकाच्या आजोळचा, नात्याने मामा लागणारा गृहस्थ. त्याने फोनवरच होकार देऊन टाकला; परंतु संस्थेच्या वकिलाने हक्कांची कागदपत्रे मागितली तेव्हा त्याच्याकडे सेन्सॉरचे प्रमाणपत्र, शीर्षकाच्या नोंदणीची पावती आणि त्याच्याच लेटरहेडवरचे एक पानी पत्र एवढेच निघाले. त्या पत्रावर दोघांच्या सह्या होत्या आणि त्यात कामाचे असे एकच वाक्य होते: ‘चित्रपटाचे सर्व हक्क निर्मात्याकडे राहतील व दिग्दर्शकास ठरलेले मानधन देण्यात येईल.’ पटकथेचा उल्लेख कोठेही नव्हता. मामांच्या मते ‘सर्व’मध्ये सगळेच आले होते. भाच्याला आपला काही हक्क उरला आहे असे आधी वाटलेच नाही, आणि नंतर एका ओळखीच्या वकिलाने कान टोचल्यावर सगळाच हक्क आपला आहे असे वाटू लागले. दोन्ही समजुती चुकीच्या होत्या, आणि त्या दुरुस्त होईपर्यंत दोन्ही घरांचे येणेजाणे बंद पडले होते.

हे प्रकरण कोणा एका व्यक्तीचे चरित्र नाही. सांगली आणि सातारा जिल्ह्यांत राहून चित्रपट करू पाहणाऱ्यांना ज्या टप्प्यांतून जावे लागते, त्यांवरून ते बांधलेले आहे, आणि म्हणून त्यातील माणसांना नावे दिलेली नाहीत. कायदे, न्यायनिर्णय, शासकीय योजना आणि ठिकाणे मात्र खरी आहेत. स्वतंत्र दिग्दर्शकाच्या कारकिर्दीविषयी लिहिताना पहिला चित्रपट कसा जुळून आला आणि तो कोणत्या महोत्सवात गेला, याचीच चर्चा अधिक होते. अशा माणसाला पहिल्या चित्रपटापासून दुसऱ्यापर्यंत तगवतो तो बहुतेक वेळा त्याच्यातला लेखक, आणि नेमक्या त्या लेखकाच्या मालकीची नोंद कोणीच केलेली नसते, असे माझे निरीक्षण आहे. ते येथे एका पेचाच्या आधाराने तपासायचे आहे.

गलाईचा पैसा आणि छावणीची गोष्ट

खानापूर, आटपाडी, तासगाव, कवठेमहांकाळ या तालुक्यांतील हजारो कुटुंबे गलाईच्या, म्हणजे सोने-चांदी आटवून शुद्ध करण्याच्या व्यवसायासाठी देशभर पांगलेली आहेत. दुष्काळाने घराबाहेर काढलेल्या या माणसांनी केरळ-तमिळनाडूपासून उत्तरेतल्या शहरांपर्यंत दुकाने थाटली, आणि त्यांचा पैसा गावाकडे बंगला, मंदिराचा जीर्णोद्धार, शाळेची खोली, यात्रेतले कुस्त्यांचे मैदान अशा रूपांत परत येत राहिला. अलीकडे त्यात चित्रपटाची भर पडली आहे. मुंबईच्या चित्रपटव्यवसायाशी काडीचाही संबंध नसलेला, तमिळनाडूतील एका शहरात दुकान असलेला मामा हा या अर्थाने या भागातला अगदी स्वाभाविक निर्माता ठरतो. त्याला नफ्याची फार आशा नव्हती. गावाचे आणि वडिलांचे नाव पडद्यावर यावे, एवढी त्याची इच्छा होती. या इच्छेला पुढे फार महत्त्व येणार आहे.

दिग्दर्शक स्वतः शिक्षकाचा मुलगा. पुण्यात सहायक म्हणून काही वर्षे काढल्यावर तो साताऱ्याच्या बाजूला आला, कारण गेल्या काही वर्षांत सातारा आणि वाई परिसरात मराठी मालिकांची चित्रीकरणे वाढली होती आणि तेथे ग्रामीण संवाद लिहू शकणाऱ्या माणसाला काम मिळत होते. वाई-मेणवलीचा घाट हिंदी चित्रपटांनी कधीचाच ओळखीचा करून ठेवला आहे. त्या चित्रीकरणांतून स्थानिकांना मिळते ते जेवणाचे, गाड्यांचे आणि गर्दीतल्या माणसांचे काम. मालिकांनी पहिल्यांदा लिहिण्याचे आणि अभिनयाचे काम जिल्ह्याच्या गावांपर्यंत आणले. एपिसोडमागे मिळणाऱ्या पैशावर त्याचे घर चालत होते आणि रात्री तो स्वतःची पटकथा लिहीत होता.

त्या पटकथेचे बीज मामांच्या तोंडून आले होते. २०१२-१३ च्या दुष्काळात आटपाडी, माण, सांगोला या भागांत जनावरांच्या चारा छावण्या उभ्या राहिल्या. मामांच्या वडिलांनी आपली खिलार बैलांची जोडी छावणीत नेली, माणूसही जनावरांबरोबर तेथेच राहू लागला, आणि शेवटी त्यातला एक बैल विकावा लागला. ही हकीकत मामा प्रत्येक यात्रेला सांगत असत. भाच्याने ती ऐकली आणि म्हणाला, ‘मामा, याचा सिनेमा होतोय.’ मामा म्हणाले, ‘मग कर की. पैशाचं मी बघतो.’ कागदाचा विषय भाच्याने एकदा काढला होता. ‘आपल्यात कागद कशाला?’ असे उत्तर मिळाल्यावर त्याने तो पुन्हा काढला नाही. पुढे निर्मितीसंस्थेचे बँकखाते उघडताना सीएच्या कार्यालयाने काहीतरी पत्र हवे म्हणून मसुदा करून दिला, तेच ते एक पानी पत्र.

येथे एक गोष्ट नोंदवली पाहिजे. नात्यात करार न करणे हा या भागात निष्काळजीपणा समजला जात नाही, तो विश्वासाचा पुरावा समजला जातो. करार मागणाऱ्यालाच अविश्वासू ठरवणारी ही रीत सोयरिकीत चालते, शेतीच्या बांधावर अडखळते, आणि ज्या वस्तूचे अनेक हक्क एकाच वेळी अनेकांच्या हाती असू शकतात अशा चित्रपटासारख्या व्यवहारात पूर्णपणे कोलमडते.

पाणी आले आणि पटकथा बदलली

लेखन सुरू असताना एक अडचण आली, जिचा अंदाज कोणत्याही पटकथालेखनाच्या वर्गात देता आला नसता. कराडजवळ टेंभू येथून कृष्णेचे पाणी उचलून खानापूर, आटपाडी, सांगोल्यापर्यंत नेणारी टेंभू उपसा सिंचन योजना १९९६ मध्ये सुरू झाली होती आणि अनेक वर्षे रखडली होती. तिचे पाणी टप्प्याटप्प्याने शिवारात पोहोचले. पटकथेत जेथे भेगाळलेली जमीन लिहिली होती तेथे आता डाळिंबाच्या बागा उभ्या होत्या. दुष्काळाचा चित्रपट हिरव्या शिवारात कसा करायचा, असा प्रश्न पडल्यावर कॅमेरामनने माण तालुक्याच्या उत्तरेकडचे उजाड माळ सुचवले, आणि एखाद्या मोठ्या निर्मात्याने तेवढ्यावर भागवलेही असते.

दिग्दर्शकाने मात्र पटकथाच उलटी केली. नव्या मसुद्यात छावणी ही आठवण म्हणून येते; कथा सुरू होते ती पाणी आल्यानंतर. बागेला बैलाची गरज नाही, ट्रॅक्टर आणि फवारणीचे यंत्र पुरेसे आहे, आणि दुष्काळात जीव लावून जगवलेला उरलेला बैल सुकाळात निरुपयोगी ठरतो. म्हातारा त्याला खरसुंडीच्या यात्रेत विकायला नेतो आणि परत आणतो, पुन्हा नेतो आणि पुन्हा परत आणतो, आणि प्रत्येक वेळी न विकण्याचे कारण बदलत जाते. मूळ हकीकतीत मुलगा हे पात्रच नव्हते. पटकथेत तो मध्यवर्ती झाला, कारण बाग त्याची होती आणि बैल बापाचा.

हा बदल कलात्मक दृष्टीने चांगला होता, असे माझे मत आहे. पण येथे तो सांगण्याचे कारण निराळे आहे. हकीकत आणि पटकथा यांच्यातले अंतर या बदलाने निर्माण केले, आणि पुढच्या वादात त्या अंतरालाच किंमत आली. मामांनी नवा मसुदा वाचला नव्हता. त्यांच्या मनात चित्रपट शेवटपर्यंत वडिलांच्या छावणीचाच राहिला.

चित्रीकरणाविषयी थोडक्यात सांगता येईल. कलाकार बहुतेक गावातले होते, आवाज जागेवरच घेतला गेला, आणि अंदाजपत्रक सगळ्यांचे ओलांडते तसे ओलांडले. एक चूक महागात पडली. प्राण्यांचा छळ प्रतिबंधक कायदा, १९६० खालील २००१ च्या नियमांनुसार चित्रपटात जनावरे वापरायची तर आधी भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी लागते, आणि या मंडळाचे ना-हरकत पत्र सेन्सॉरच्या वेळी दाखवावे लागते. दोन बैलांसाठी परवानगी घेतलेली होती. यात्रेत मात्र ऐन वेळी बाजारातल्या इतर जनावरांबरोबर एक लांबलचक प्रसंग चित्रित झाला आणि तो अर्जात नव्हता. हे मंडळ २०१८ पासून चेन्नईहून हरियाणातील बल्लभगड येथे हलले आहे. आटपाडीहून तेथे खुलासे पाठवणे, शेवटी प्रसंग कापणे आणि पोकळी भरण्यासाठी पुन्हा थोडे चित्रीकरण करणे, यात ठरवलेली प्रदर्शनाची तारीख गेली. नवी तारीख मिळाली ती परीक्षांच्या हंगामातली. वाढलेला सगळा खर्च मामांनी सोसला, आणि प्रत्येक वाढीव हप्त्याबरोबर ‘हा सिनेमा माझा’ ही त्यांची भावना पक्की होत गेली. त्यात गैर काहीच नव्हते.

एका तिकिटाचा हिशेब

चित्रपट काही महोत्सवांत दाखवला गेला, त्याविषयी चांगले लिहूनही आले, आणि मग तो चित्रपटगृहांत आला. या टप्प्यावर निर्मात्याला आणि दिग्दर्शकाला जे कळते ते आधीच कागदावर मांडून पाहण्यासारखे आहे. मल्टिप्लेक्समधले तिकीट करासह १५० रुपयांचे धरू. शंभर रुपयांवरच्या तिकिटाला १८ टक्के जीएसटी आहे, तो वजा जाता साधारण १२७ रुपये उरतात. २००९ मध्ये हिंदी निर्माते आणि मल्टिप्लेक्स चालक यांच्यात झालेल्या तडजोडीत निर्मात्याच्या बाजूचा वाटा पहिल्या आठवड्याला ५० टक्के, दुसऱ्याला ४२.५, तिसऱ्याला ३७.५ आणि पुढे ३० टक्के ठरला. तोच पहिल्या आठवड्याचा निम्मा वाटा येथे लावला तर ६३ रुपयांच्या आसपास येतात. वितरकाचे कमिशन १५ टक्के धरले तर निर्मात्याच्या हाती ५४ रुपये राहतात. म्हणजे निव्वळ एक कोटी रुपये परत यायला पहिल्याच आठवड्यात सुमारे १ लाख ८५ हजार तिकिटे खपावी लागतात, आणि यात जाहिरातीचा खर्च किंवा डिजिटल प्रक्षेपणासाठी दर पडद्याला द्यावे लागणारे शुल्क धरलेलेच नाही. मोठा चेहरा नसलेल्या चित्रपटाला हा आकडा दिवास्वप्नासारखा असतो.

खेळांच्या वेळा ही दुसरी गोष्ट. २०१५ मध्ये राज्य सरकारने मल्टिप्लेक्समध्ये मराठी चित्रपटाला प्राइम टाइमचा खेळ देण्याचा निर्णय घेतला, आणि त्यावरच्या वादानंतर प्राइम टाइम म्हणजे दुपारी १२ ते रात्री ९ अशी व्याख्या रुंदावली. त्यामुळे दुपारी बाराचा खेळ दिला तरी नियम पाळला जातो. ज्यांच्यावर चित्रपट बेतला होता ती माणसे दुपारी बारा वाजता बागेत किंवा बाजार समितीत असतात. सांगलीत पहिल्या आठवड्यातच खेळ कमी झाले. त्याच चित्रपटाला तालुक्याच्या गावात, यात्रेच्या दिवसांत, मोकळ्या मैदानावर पडदा लावून दाखवले तेव्हा बसायला जागा नव्हती. पण त्या प्रतिसादाची किंमत कोणत्याही हिशेबात धरता येत नव्हती.

शासनाच्या मराठी चित्रपट अर्थसाहाय्य योजनेत परीक्षण समिती चित्रपटाला दर्जा देते. ‘अ’ दर्जाला ४० लाख आणि ‘ब’ दर्जाला ३० लाख रुपये अशी तरतूद आहे. चित्रपटाला ‘ब’ दर्जा मिळाला. हे साहाय्य निर्मात्याला मिळते आणि तसेच ते असायला हवे, कारण पैसा त्याने घातलेला असतो. मामांचे त्यातून काही अंशी भागले. दिग्दर्शकाला ठरलेल्या मानधनाचा पहिला हप्ता तेवढा मिळाला होता. उरलेला मागणे त्याला प्रशस्त वाटेना, आणि मामांच्या लक्षात तो राहिला नाही. दोन वर्षांहून अधिक काळ ज्याला दिला, त्या दिग्दर्शनातून त्याची निव्वळ प्राप्ती जवळपास शून्य होती. तो पुन्हा मालिकेचे संवाद लिहू लागला.

कायदा कोणाला काय देतो

मुंबईची विचारणा आली ती या परिस्थितीत. संस्थेला मराठी चित्रपट डब करायचा नव्हता. गोष्ट उत्तर प्रदेशात नेऊन, ओळखीचे कलाकार घेऊन, दुसऱ्या दिग्दर्शकाकडून नवा चित्रपट करायचा होता. म्हणजे तिला मराठी चित्रपटाच्या चित्रफितीचा उपयोग नव्हता, हवी होती ती पटकथा.

प्रताधिकार (कॉपीराइट) कायदा, १९५७ दिग्दर्शकाच्या बाबतीत कठोर आहे. या कायद्यात चित्रपटाचा ‘कर्ता’ म्हणजे निर्माता, ज्याने तो करण्याचा पुढाकार घेतला आणि जबाबदारी पत्करली तो. २०१० च्या दुरुस्ती विधेयकात मुख्य दिग्दर्शकाला निर्मात्याबरोबर सहकर्ता मानण्याचा प्रस्ताव होता. संसदेच्या स्थायी समितीने त्याला विरोध केला आणि २०१२ मध्ये दुरुस्ती मंजूर झाली तेव्हा तो वगळलेला होता. त्यामुळे ‘माझा चित्रपट’ असे म्हणणाऱ्या भारतीय दिग्दर्शकाच्या नावावर, वेगळा करार नसेल तर, त्या चित्रपटातले काहीच नसते. मामांची समजूत इथपर्यंत बरोबर होती.

पटकथेचे तसे नाही. ती साहित्यकृती आहे आणि तिचा कर्ता लेखक. मोबदला देऊन करवून घेतलेल्या चित्रपटाचा किंवा छायाचित्राचा पहिला मालक करवून घेणारा ठरतो, अशी तरतूद कलम १७ मध्ये आहे, परंतु तिच्या यादीत साहित्यकृती नाही. आणि नोकरीत असताना केलेल्या कामाचा मालक नोकरी देणारा ठरतो, ही तरतूद स्वतंत्रपणे काम करणाऱ्या लेखकाला लागत नाही. हा मुद्दा अगदी समांतर वस्तुस्थितीत तपासला गेला आहे. सत्यजित राय यांनी लिहिलेल्या आणि दिग्दर्शित केलेल्या ‘नायक’ (१९६६) या चित्रपटाच्या पटकथेवरून कादंबरी प्रसिद्ध झाली तेव्हा निर्मात्याच्या कुटुंबाने हक्क आपला असल्याचा दावा केला. दिल्ली उच्च न्यायालयाने मे २०२३ मध्ये तो नाकारला: निर्मात्याच्या सांगण्यावरून लिहिली असली तरी पटकथेतील प्रताधिकाराचे पहिले मालक राय होते, निर्माते नव्हेत. कलकत्त्याच्या मोठ्या निर्मात्याच्या बाबतीत जे खरे ठरले ते आटपाडीच्या मामांच्या बाबतीतही खरे होते. पीक निर्मात्याने काढून नेले तरी रानाचा सातबारा लेखकाच्या नावावरच राहतो, असे हे नाते आहे.

मग ‘चित्रपटाचे सर्व हक्क’ या वाक्याचे काय? कलम १९ नुसार हक्कांचे हस्तांतरण लेखी आणि सहीनिशी असावे लागते, आणि कोणती कृती, कोणते हक्क, किती मुदतीसाठी, कोणत्या प्रदेशासाठी आणि कोणत्या मोबदल्यात, हे त्यात असावे लागते. मुदत लिहिलेली नसेल तर पाच वर्षे आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर भारत असे धरले जाते. हे पत्र पटकथेचे नावच घेत नव्हते. त्यावरून फार तर एवढे म्हणता आले असते की, लेखकाने या पटकथेवर हा एक चित्रपट करायला संमती दिली होती. दुसऱ्या चित्रपटासाठी तिचे रूपांतर करण्याचा हक्क लेखकाकडेच शिल्लक होता. चित्रीकरणाच्या आधी त्याने मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे मसुद्याची नोंदणीही केली होती. अशा नोंदणीने हक्क निर्माण होत नाही, तो लिहिता क्षणीच निर्माण झालेला असतो. पण कोणत्या तारखेला काय लिहिलेले होते याचा तो पुरावा असतो, आणि वादात त्याचा मोठा आधार होतो.

‘गोष्ट माझ्या बापाची’

मामांना हे सगळे सांगितल्यावर त्यांनी विचारलेला प्रश्न मला या प्रकरणातला सर्वांत गंभीर प्रश्न वाटतो. ते म्हणाले, ‘बैल माझ्या बापाचा, छावणीत तो राहिला, रडला तो. तू फक्त लिहिलंस. मग गोष्ट तुझी कशी काय?’

कायद्याकडे याचे उत्तर आहे. सर्वोच्च न्यायालयाने आर. जी. आनंद विरुद्ध डीलक्स फिल्म्स या १९७८ च्या निकालात स्पष्ट केले की कल्पना, विषय, कथानकाचा सांगाडा किंवा घडलेली ऐतिहासिक घटना यांवर कोणाचाही प्रताधिकार नसतो; तो असतो त्यांच्या मांडणीवर. छावणीतला बैल ही घडलेली घटना होती. पाणी आल्यावरचा म्हातारा, मुलाचे पात्र, यात्रेच्या फेऱ्या ही मांडणी होती, आणि मुंबईला तीच हवी होती. छावणीचा भाग त्यांच्या आराखड्यात दोन मिनिटांचा उरला होता. न्यायालयात मामांना या मुद्द्यावर काही हाती लागले नसते.

पण मामांचा प्रश्न कायद्याचा नव्हताच, आणि तो कायद्याच्या उत्तराने संपवणे हा उद्धटपणा झाला असता. माणदेशाने गोष्टी बाहेर पाठवणे नवे नाही. आटपाडीजवळच्या स्वतंत्रपूरला औंध संस्थानात १९३९ पासून कैद्यांना मोकळ्या वसाहतीत ठेवण्याचा जो प्रयोग झाला, त्यावरून याच भागात जन्मलेल्या गदिमांनी ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) लिहिला आणि तो चित्रपट बर्लिनपर्यंत गेला. ज्यांच्या जगण्यातून गोष्टी उचलल्या जातात त्यांना त्या परत येताना नेहमीच ओळखू येतात असे नाही, आणि श्रेयनामावलीत त्यांची जागा क्वचितच असते. मामांनी पैसा घातला होता तो वडिलांचे नाव पडद्यावर यावे म्हणून. आणि हिंदी चित्रपटात ते नाव असणार नव्हते. पैशाचा वाद वाटत होता त्याच्या तळाशी ही गोष्ट होती, आणि ती ओळखायला दोन्ही बाजूंना फार वेळ लागला. ती ओळखली दिग्दर्शकाच्या आईने. तिने भावाला एवढेच विचारले की, पैसे किती हवेत ते आधी सांग. आणि त्याला आकडा सांगता आला नाही.

तडजोड आणि तिची किंमत

त्यानंतर तोडगा निघाला तो असा. निर्मितीसंस्थेने पटकथेच्या हक्कांचा करार थेट लेखकाशी केला आणि मराठी चित्रपटाचा निर्माता म्हणून मामांकडून वेगळे ना-हरकत पत्र घेतले, ज्याचा स्वतंत्र मोबदला त्यांना मिळाला. अशा व्यवहारात खरेदीदाराला खात्री हवी असते, आणि कायद्याने आवश्यक नसलेली सहीसुद्धा तो पैसे देऊन घेतो. त्यामुळे मामांना काही मिळाले ते लेखकाच्या वाट्यातून कापून गेले नाही. मराठी चित्रपटाच्या मानधनाचा राहिलेला हप्ता मामांनी त्यातून चुकता केला. हिंदी चित्रपटाच्या आरंभी ‘मूळ प्रसंग’ या श्रेयाखाली मामांच्या वडिलांचे नाव येईल, हे कलम लेखकाने स्वतःच्या करारात घालून घेतले. संस्थेला त्यात काही खर्च नव्हता, तरी वकिलांच्या तीन पत्रव्यवहारांनंतरच ते मान्य झाले, ही वेगळीच करमणूक.

कराराच्या मसुद्यात आणखी दोन कलमे महत्त्वाची होती. कलम १९ च्या चौथ्या पोटकलमानुसार, हक्क घेणाऱ्याने ते एका वर्षात वापरले नाहीत तर, वेगळे ठरलेले नसल्यास, ते व्यपगत होतात, म्हणजे संपुष्टात येतात. संस्थेच्या छापील मसुद्यात हे पोटकलम लागू होणार नाही असे लिहिलेले होते. असे कलम या व्यवसायात सर्रास असते, आणि त्यामुळे पटकथा विकत घेऊन वर्षानुवर्षे कपाटात ठेवता येते. वाटाघाटीनंतर ठरावीक मुदतीत चित्रीकरण सुरू झाले नाही तर हक्क लेखकाकडे परत येतील, असे लिहून घेण्यात आले. दुसरे कलम रॉयल्टीचे. २०१२ च्या दुरुस्तीनंतर चित्रपटातील साहित्यकृतीचा लेखक चित्रपटगृहाबाहेरच्या वापरावरील रॉयल्टीचा निम्मा वाटा वारसांशिवाय किंवा प्रताधिकार संस्थेशिवाय इतर कोणाला सोडून देऊ शकत नाही. सोडल्याचे लिहिले तरी ते निरर्थक ठरते. मसुद्यात तो सोडल्याचे लिहिलेले होतेच. लेखकाने ते वाक्य खोडायला लावले, मूळ मराठी पटकथा पुस्तकरूपाने प्रसिद्ध करण्याचा हक्क स्वतःकडे राखला, आणि हिंदी चित्रपट आपणच दिग्दर्शित करावा असा आग्रह धरला नाही. त्याच्या काही मित्रांना ही माघार वाटली. मला ती शहाणपणाची वाटते. त्या चित्रपटात दिग्दर्शक म्हणून तो कायद्याने बिनहक्काचा आणि व्यवहारात बिनअधिकाराचा असता, लेखक म्हणून मात्र त्याच्या हाती काहीतरी होते.

एका बाबतीत माझा त्याच्याशी मतभेद आहे. दोन घरे पुन्हा जुळावीत म्हणून त्याने मामांना दुसऱ्या पटकथेवर पहिला हक्क दिला, म्हणजे ती आधी त्यांना दाखवायची आणि त्यांनी नकार दिल्यावरच दुसरीकडे न्यायची. पहिल्या हक्काला जी मुदत असायला हवी ती सुरुवातीच्या मसुद्यात नव्हती. गोव्यातील फिल्म बाजारसारख्या ठिकाणी, जेथे २००७ पासून स्वतंत्र चित्रपटांचे सहनिर्माते शोधले जातात, तेथे पटकथा घेऊन गेलेल्या माणसाला ‘मामांना विचारून सांगतो’ असे म्हणून चालत नाही. त्याच्या वकिलाने हे दाखवून दिल्यावर मामांच्या उत्तरासाठी साठ दिवसांची मुदत घालण्यात आली. त्यालाही मामा नाराज झाले नाहीत. उलट त्यांनीच आता आधी सीएला, मग वकिलाला आणि मग भाच्याला फोन करण्याची पद्धत लावून घेतली आहे.

दुसरी पटकथा गलाईवाल्यांवर आहे: गाव सोडून परमुलखात भट्टी लावणारा माणूस, आणि वर्षातून एकदा यात्रेला येणारे त्याचे कुटुंब. तिच्यातले बरेच प्रसंग मामांच्या बोलण्यातून आलेले आहेत, आणि या वेळी मामांनी ती वाचली आहे. चित्रीकरणाची जागा पाहायला जाण्यापूर्वी करार व्हायचा, असे दोघांनी ठरवले असून मसुदा सध्या मामांच्या वकिलाकडे आहे. मानधनाचे हप्ते, श्रेयनामावली, रूपांतराचे हक्क आणि जनावरांच्या परवानगीची जबाबदारी कोणाची, हे सगळे ठरले आहे; पटकथेचे हक्क किती वर्षांसाठी द्यायचे, तो रकाना तेवढा अजून कोरा आहे.